हौशी कुणाला म्हणावे?

पदव्युत्तर वर्गाला कोशवाङ्मय शिकवताना ऑक्सफर्डच्या इंग्रजी कोशाची जन्मकथा सांगावीच लागते. 1879 मध्ये जेम्स मरी यांनी संपादनाची सूत्रे हाती घेतली, तेव्हा त्यांच्या दारी सुमारे दोन टन चिठ्ठ्या येऊन पडल्या. एका पोत्यात मेलेला उंदीर निघाला, दुसऱ्यात एक उंदरीण आपल्या पिलांसह सुखाने नांदत होती. एका अक्षराच्या चिठ्ठ्या थेट फ्लॉरेन्सला जाऊन पडल्या होत्या. हा सारा पसारा ज्यांनी मागे ठेवला ते आधीचे संपादक म्हणजे फ्रेडरिक जेम्स फर्निव्हल. या ठिकाणी वर्ग हसतो, आम्हीही हसतो आणि फर्निव्हल त्या हशातच संपतात. अनेक वर्षे आम्ही त्यांना असेच संपवत आलो.

पुढे केव्हातरी त्यांच्याविषयी वाचताना एक नोंद समोर आली. 1896 मध्ये, वयाच्या एकाहत्तराव्या वर्षी, या गृहस्थांनी लंडनच्या हॅमरस्मिथ भागात टेम्सच्या काठी मुलींचा नौकानयन क्लब काढला. क्लबाचे नाव होते ‘हॅमरस्मिथ स्कलिंग क्लब फॉर गर्ल्स’. सभासद कोण, तर चहाच्या दुकानांत काम करणाऱ्या, कापडाच्या दुकानांत माल दाखवणाऱ्या, कचेऱ्यांत कारकुनी करणाऱ्या मुली. निव्वळ मुलींचा म्हणून हा क्लब पाचच वर्षे टिकला. नोंद लहानशीच होती, पण ती वाचल्यापासून वर्गातला आमचा तो हशा आम्हालाच खटकू लागला. कोशातील शब्दांची व्यवस्था ज्याला लावता आली नाही, त्याने माणसांच्या बाबतीत एका शब्दाचा अर्थ बदलण्यासाठी आयुष्यभर भांडण केले होते. तो शब्द म्हणजे ‘अमॅच्युअर’.

मराठीत आपण या शब्दासाठी ‘हौशी’ हा गोड शब्द वापरतो. हौशी नाट्यसंस्था, हौशी छायाचित्रकार. हौसेला मोल नाही असे आपण म्हणतो, आणि हौशी म्हणजे जो पैशासाठी नव्हे तर आवडीसाठी काम करतो तो, एवढे आपल्याला पुरते. मूळ लॅटिन धातूचा अर्थही ‘प्रेम करणे’ असाच आहे. पण व्हिक्टोरियाकालीन इंग्लंडमध्ये, विशेषतः नदीवर, हा शब्द प्रेमापासून फार दूर गेला होता. कोणी कशासाठी वल्हे हाती घेतले, हा प्रश्न तिथे दुय्यम होता. वल्हे सोडल्यावर सोमवारी सकाळी त्याच्या हातात काय असते, हा खरा प्रश्न होता.

1878 मध्ये लंडनच्या पटनी भागात प्रमुख नौकानयन क्लबांची बैठक झाली आणि तिने अमॅच्युअर कोण याची व्याख्या केली. सैन्यातील, आरमारातील वा मुलकी सेवेतील अधिकारी, प्रतिष्ठित व्यवसायांतील गृहस्थ, विद्यापीठांचे आणि उच्चभ्रू शाळांचे विद्यार्थी हे अमॅच्युअर. याशिवाय ज्या क्लबात कारागीर किंवा धंदेवाईक नाहीत, अशा प्रस्थापित क्लबाचे सभासदही. पुढल्याच वर्षी हेन्लेच्या सुप्रसिद्ध शर्यतींच्या व्यवस्थापकांनी आपली स्वतःची व्याख्या जाहीर केली. 1882 मध्ये अमॅच्युअर रोइंग असोसिएशन ही मध्यवर्ती संस्था स्थापन झाली आणि 1886 च्या तिच्या नियमांनी कारागीर, कसबी कामगार, मजूर आणि कोणतेही हलके काम करणारा माणूस यांना स्पष्ट शब्दांत दाराबाहेर ठेवले. सुताराच्या मुलाने आयुष्यात एकही पैसा न घेता केवळ आनंदासाठी होडी वल्हवली, तरी तो अमॅच्युअर नव्हे. कारण तो रंधा चालवतो.

या नियमाच्या बाजूने बोलणाऱ्यांकडे कारणे नव्हती असे नाही. टेम्सवर नावाड्यांचा जुना व्यवसाय होता. त्यांच्या शर्यतींवर मोठ्या पैजा लागत, आणि पैजा आल्या की लबाडीही येई. शिवाय दिवसभर अंगमेहनत करणाऱ्याचे दंड बसून काम करणाऱ्यापेक्षा बळकट असतात, तेव्हा त्यांची बरोबरी लावणे अन्यायाचे आहे असाही युक्तिवाद होई. पण 1878 च्या व्याख्येतील त्या अखेरच्या अटीकडे पुन्हा पाहावे. क्लबात एक कारागीर असला की त्या क्लबातील इतरांचेही अमॅच्युअरपण धोक्यात येते. ही अट बळाची नाही आणि पैशाचीही नाही. ती स्पर्शाची आहे. इंग्रजीत तिला काय म्हणतात ते इंग्रजीच्या अभ्यासकांनी सांगावे. मराठी वाचकाला ‘विटाळ’ हा शब्द शोधायला कोशापर्यंत जावे लागत नाही.

फर्निव्हल स्वतः या व्याख्येत अगदी चोख बसत होते. 1825 मध्ये टेम्सजवळच्या एगम गावी त्यांचा जन्म झाला, वडील सुस्थितीतले डॉक्टर होते. लंडनचे युनिव्हर्सिटी कॉलेज, केंब्रिजचे ट्रिनिटी हॉल आणि पुढे बॅरिस्टरी असा त्यांचा मार्ग. विद्यार्थिदशेत, 1845 मध्ये, जॉन बीस्ली या नावाड्याच्या साहाय्याने त्यांनी एक अरुंद, हलकी, शर्यतीची होडी बांधली. ज्या नावाड्याला पुढे या खेळाच्या दारातही उभे करणार नव्हते, त्याच्या हाताखाली हा सद्गृहस्थ होडीचे शास्त्र शिकत होता. फर्निव्हल यांचे पुढचे वर्तन समजून घ्यायला आम्हाला हा एक प्रसंग पुरेसा वाटतो.

1854 मध्ये धर्मशास्त्रज्ञ एफ. डी. मॉरिस यांनी लंडनमध्ये श्रमिकांसाठी कॉलेज काढले. रस्किन आणि रोझेटी तिथे चित्रकला शिकवत, फर्निव्हल व्याकरण आणि साहित्य शिकवत. पण फर्निव्हल यांना तासापुरते शिक्षक राहणे जमत नसे. ते विद्यार्थ्यांना चहाला बोलावत, नाच आयोजित करीत, रविवारी लांब पायपिटीला नेत, नदीवर नेत. मॉरिस धर्मगुरू होते. रविवारच्या या सहली त्यांना रुचत नसत आणि त्यावरून दोघांत खटके उडाले. फर्निव्हल यांची बाजू साधी होती. कामकऱ्याला आठवड्यातून एकच दिवस मोकळा मिळतो. त्या दिवशी नदीचे पाणी अपवित्र होते असे म्हणणे म्हणजे नदी त्याच्यासाठी नाहीच असे म्हणणे.

असोसिएशनच्या नियमांनी नेमके हेच विद्यार्थी बाहेर पडले. फर्निव्हल यांनी त्याविरुद्ध लेखणी आणि वाणी दोन्ही चालवल्या आणि 1890 मध्ये नॅशनल अमॅच्युअर रोइंग असोसिएशन ही प्रतिसंस्था उभी राहिली. तिच्या लेखी माणसाचा पोटापाण्याचा उद्योग कोणता याला महत्त्व नव्हते. शर्यतीतून पैसा मिळवणारा तेवढा धंदेवाईक, बाकी सारे हौशी. शब्दाला त्याचा मूळ अर्थ परत देण्याचा तो प्रयत्न होता. कोशकाराला शोभेल असेच हे काम, फक्त ते कागदावर न होता पाण्यावर झाले.

पण या नव्या संस्थेतही एक दार बंदच होते. कामगार आत आला तरी कामकरी स्त्री अजून काठावरच उभी होती. स्त्रीने होडीत बसावे, सुकाणूची दोरी फार तर हाती धरावी, छत्री सावरावी; वल्हे मात्र पुरुषाचे. त्या काळाची कल्पना यावी म्हणून एवढेच सांगतो की 1897 मध्ये खुद्द फर्निव्हल यांच्या केंब्रिज विद्यापीठाने स्त्रियांना पदवी देण्याचा प्रस्ताव प्रचंड बहुमताने फेटाळला, आणि विरोधकांनी सायकलस्वार स्त्रीची प्रतिमा रस्त्यावर टांगली. हॅमरस्मिथचा क्लब त्याच्या आदल्याच वर्षीचा.

त्याची सुरुवात सभागृहात न होता चहाच्या टेबलाशी झाली. न्यू ऑक्सफर्ड स्ट्रीटवर एरेटेड ब्रेड कंपनीचे चहाचे दुकान होते. त्या काळात प्रतिष्ठित स्त्रीला एकटीने जाऊन बसता येईल अशा थोड्या जागांपैकी ही दुकाने होत. ब्रिटिश म्युझियममधून हस्तलिखितांच्या प्रती पडताळून झाल्या की फर्निव्हल तिथे येऊन बसत. मित्र, विद्यार्थी, परदेशी अभ्यासक त्यांना तिथेच भेटत. चहा आणून देणाऱ्या मुलींची ते विचारपूस करीत: सुट्टी केव्हा असते, सुट्टीत काय करता, मोकळ्या हवेत कधी जाता. दिवसभर उभे राहून काम, मग कोंदट खोली, हे उत्तर ठरलेले. त्या मुलींना त्यांनी नदीवर बोलावले.

स्कलिंग म्हणजे दोन्ही हातांत एकेक वल्हे धरून होडी चालवण्याची पद्धत. एकच मोठे वल्हे दोन्ही हातांनी ओढण्यापेक्षा ही पद्धत श्रेष्ठ, असे फर्निव्हल यांचे ठाम मत होते. हॅमरस्मिथला टेम्सला समुद्राची भरती-ओहोटी जाणवते. नदीवरची माणसे भरतीबरोबर वर जातात आणि ओहोटीबरोबर परततात. रविवारी क्लबाच्या होड्या रिचमंडच्या दिशेने निघत. सोबत खाण्याच्या टोपल्या असत, वाटेत काठावर पंगत बसे, गाणी होत. पांढऱ्या दाढीचा, मद्य-मांस वर्ज्य केलेला हा म्हातारा त्यांच्याबरोबर वल्ही मारी, आणि आयुष्याच्या अखेरच्या वर्षापर्यंत त्याने हा नेम सोडला नाही.

साहित्याच्या विद्यार्थ्यांना इथे आणखी एक धागा सापडेल. बँक ऑफ इंग्लंडमधील एका तरुण कारकुनाची आणि फर्निव्हल यांची ओळख सोहोमधील एका उपाहारगृहात अशीच योगायोगाने झाली होती. फर्निव्हल यांनी त्याला लिहिण्यास प्रोत्साहन दिले आणि आपल्या न्यू शेक्सपिअर सोसायटीचा चिटणीस केले. तो तरुण म्हणजे केनेथ ग्रॅहम. 1908 मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्याच्या ‘द विंड इन द विलोज’मधला नदीवेडा पाणउंदीर फर्निव्हल यांच्यावर बेतला असावा, असे अनेक अभ्यासक मानतात.

इथवर लिहिल्यावर फर्निव्हल यांची आरती ओवाळून थांबणे सोपे आहे. तसे करणे मात्र उचित नव्हे. ते भांडखोर होते. स्विनबर्नशी शेक्सपिअरवरून वाद झाला, तर त्यांनी त्या कवीच्या आडनावाचे विडंबन करून त्याला ‘डुकरांचा ओढा’ अशा अर्थाचे नाव दिले. स्विनबर्ननेही त्यांच्या आडनावाची फोड करून त्याहून घाण उत्तर दिले. विद्वानांच्या वादाने गाठलेली ही पातळी पाहून आपल्याकडील काही वादही सौम्य वाटू लागतात. त्यांचे खासगी जीवनही निष्कलंक नव्हते. हॅम्लेटच्या चार पाठांची तौलनिक संहिता सिद्ध करणाऱ्या टीना रॉचफर्ट-स्मिथ या तरुण अभ्यासिकेशी त्यांचे संबंध जुळले आणि 1883 मध्ये ते पत्नीपासून वेगळे झाले. त्याच वर्षी टीनाच्या कपड्यांनी पेट घेतला आणि त्यात तिचा अंत झाला. तेव्हा हा म्हातारा तरुण मुलींचाच क्लब का काढतो, असा प्रश्न आजच्या वाचकाच्या मनात आला तर तो गैर म्हणता येणार नाही. आमच्याही मनात तो आला. त्याचे एक उत्तर त्या मुलींकडूनच मिळते. फर्निव्हल यांच्या निधनानंतर 1911 मध्ये निघालेल्या आठवणींच्या ग्रंथात नामवंत विद्वानांच्या पंक्तीला चहाच्या दुकानातील मुलीचीही आठवण आहे. संपादकांना तिला वेगळ्या पानावर बसवावेसे वाटले नाही, आणि तिलाही तिथे परके वाटले नाही. माणसाच्या सगळ्या वर्तनाचा निवाडा त्यातून होत नाही, हे खरे. पण कुणाला कुणाशेजारी बसवावे याविषयीचा त्यांचा विचार त्यांच्या मागेही टिकला, एवढे नक्कीच म्हणता येते.

संस्था काढणे हे फर्निव्हल यांचे व्यसनच होते. अर्ली इंग्लिश टेक्स्ट सोसायटी 1864, चॉसर सोसायटी 1868, न्यू शेक्सपिअर सोसायटी 1873, ब्राउनिंग सोसायटी 1881, त्यानंतर शेली सोसायटी. यांपैकी पहिली आजही ग्रंथ काढते आहे. शेक्सपिअरवाली 1894 मध्ये विसर्जित झाली, ब्राउनिंगवालीही त्याच सुमारास मिटली. यातील बहुतेक काम बिनपगारी माणसांनी केले. मोठ्या कोशाच्या त्या दोन टन चिठ्ठ्याही अशाच हौशी वाचकांनी घरी बसून लिहिल्या होत्या. फर्निव्हल स्वतः कोणत्याही विद्यापीठात पगारी प्राध्यापक नव्हते. ज्या इंग्रजी अभ्यासाच्या इमारतीत आज पगारी अध्यापक राहतात, तिचा पाया हौशींनी घातला आहे. वर्गात आम्ही उंदरांची गोष्ट सांगायचो, ही गोष्ट सांगायची राहून जाई.

आता त्या पाच वर्षांविषयी. 1901 मध्ये क्लबाने पुरुषांनाही प्रवेश दिला आणि पुढे संस्थापकाचे नाव घेऊन तो मुलींचा आणि पुरुषांचा फर्निव्हल स्कलिंग क्लब झाला. नावात मुली आधी, पुरुष मागून. त्याचे वंशज आजही हॅमरस्मिथच्या काठावरून होड्या पाण्यात सोडतात. म्हणजे अल्पायुषी ठरला तो क्लबाचा पहिला अवतार, आणि तो संपला दार उघडल्यामुळे. संस्था एरवी भांडणाने मिटते, पैशाच्या अभावाने मिटते, बहुतेक वेळा कंटाळ्याने मिटते. उघडल्यामुळे संपलेली संस्था आमच्या तरी पाहण्यात फारशी नाही.

हे सारे आम्ही इतक्या आस्थेने का लिहितो आहोत, हे सांगितल्याशिवाय लेख पुरा होणार नाही. काही वर्षांपूर्वी आम्ही दोघा-तिघांनी मिळून रविवारचे एक वाचनमंडळ सुरू केले होते. दर पंधरवड्याला एक पुस्तक, त्यावर एक टिपण, मग चर्चा. चर्चेची पातळी राहावी म्हणून आम्ही एक साधी अट घातली: सभासद साहित्याचा अध्यापक किंवा पदव्युत्तर विद्यार्थी असावा. अट घालताना कोणाला वगळायचे असे आमच्या मनात नव्हते. निदान तेव्हा तसे वाटले होते. एके दिवशी ग्रंथालयात पुस्तक काढून देणाऱ्या परिचरांनी विचारले, “सर, मॅडम, रविवारी मीही येऊन बसलो तर चालेल का?” ज्या कादंबरीवर त्या रविवारी चर्चा होती ती त्यांनी आमच्या आधी वाचली होती, कारण नवी पुस्तके आमच्याकडे येण्यापूर्वी त्यांच्याच टेबलावरून येत. आम्ही म्हणालो, “बघू.”

मराठीत ‘बघू’चा अर्थ काय होतो हे कोशात दिलेला नाही, पण मराठी बोलणाऱ्या प्रत्येकाला तो कळतो. त्यांनाही कळला. त्यांनी पुन्हा विचारले नाही, आणि पुस्तके पूर्वीसारखीच अदबीने काढून देत राहिले. वाचनमंडळ चौदा महिने चालले. आधी टिपणे येईनाशी झाली, मग माणसे. ज्यांना वाचण्याचा पगार मिळत होता त्यांना रविवारी वाचण्याचा कंटाळा आला. जो एकटा निव्वळ हौसेने आला असता, त्याला आम्ही ‘बघू’ म्हटले होते. पटनीच्या बैठकीतील त्या गृहस्थांनी निदान आपला नियम छापून तरी काढला होता.

नदीवरचा नियम बदलायला फार वर्षे लागली. 1936 मध्ये बर्लिन ऑलिंपिकला निघालेल्या ऑस्ट्रेलियाच्या आठ जणांच्या चमूला हेन्लेला प्रवेश नाकारला गेला, कारण ते पोलीस शिपाई होते. त्यावर गदारोळ झाला आणि पुढल्या वर्षी असोसिएशनने अंगमेहनतीचे कलम वगळले. 1956 मध्ये दोन्ही संघटना एकत्र झाल्या. 2015 पासून ऑक्सफर्ड आणि केंब्रिजच्या मुलींची शर्यत पुरुषांच्याच दिवशी, त्याच पाण्यावर होऊ लागली. ती हॅमरस्मिथच्या पुलाखालून जाते.

फर्निव्हल यांना यातले काही पाहायला मिळाले नाही. जुलै 1910 मध्ये ते गेले. मृत्यू जवळ आल्याचे कळल्यावर त्यांनी मरींना लिहिले होते की कोश पूर्ण झालेला पाहायला मिळणार नाही याची खंत वाटते. त्यावर मरींनी एका प्रचंड क्रियापदाची नोंद अंतिम रूपात दाखवण्याची तयारी दर्शवली. कोश 1928 मध्ये पूर्ण झाला.

वर्गात आम्ही अजूनही उंदरांची गोष्ट सांगतो. विद्यार्थ्यांना ती आवडते. मात्र तिच्यामागोमाग आता हॅमरस्मिथची गोष्टही येते. वाचनमंडळ पुन्हा सुरू करावे असे आमच्यात बोलणे चालू आहे. या वेळी पहिले निमंत्रण कुणाला द्यायचे ते ठरले आहे. ते येतील की नाही, हे विचारण्याचा धीर मात्र अजून झालेला नाही, आणि त्यांनीही उत्तरादाखल ‘बघू’ म्हटले तर त्यांचे काही चुकले असे आम्हाला म्हणता येणार नाही.